सिस्टम३२ मध्ये डीएलएल टाकण्याआधी एररची ओळ शेवटपर्यंत वाचा की राव

गेल्या महिन्यापासून सांगलीतल्या आमच्या कॉम्प्युटर रिपेरीवाल्यांच्या ग्रुपवर एक मेसेज फिरतोय आणि आता तो दुकानदारांपर्यंत पोचलाय, म्हणून हे लिहायला बसलो. मेसेज थोडक्यात असा: जावा ह्या भाषेत लिहिलेलं सॉफ्टवेअर लिब्रेऑफिस ह्या फुकटच्या ऑफिसला जोडताना 'अनसॅटिस्फाइड लिंक एरर' (म्हणजे लागणारी लायब्ररी उचलता आली नाही) आली तर टेन्शन घेऊ नका, जावा कुठंही चालतं, त्याला डीएलएल (विंडोजवरची लायब्ररीची फाइल, म्हणजे दुसऱ्या प्रोग्रामनं वापरायचा तयार कोड) लागतच नाही, मागत असेल तर सॉफ्टवेअर बोगस. तरीही मागितली तर नेटवरनं उतरवून सिस्टम३२ ह्या विंडोजच्या फोल्डरात टाका. मशीन ६४ बिटचं असेल तर बिटचा प्रश्नच येत नाही. नाहीच जमलं तर जावा काढून लेटेस्ट टाका, आणि तसंही नव्या जावात हे सगळं बंद झालंय. सुरुवातीला बॅकअप घ्या असंही लिहिलंय.

लागतच नाही म्हणायचं आणि पुढच्याच वाक्यात उतरवून टाका म्हणायचं, हे कसं काय, ते लिहिणाऱ्यालाच माहीत.

पहिलं 'जावाला डीएलएल लागतच नाही'. अहो, विंडोजवर खुद्द जावाच जेव्हीएम डॉट डीएलएल नावाच्या फाइलीत बसलेलं असतं, लिनक्सवर तीच लिबजेव्हीएम डॉट एसओ. कुठंही चालतं ते तुमचं कंपाइल केलेलं जावा, खालचं इंजिन प्रत्येक सिस्टमचं वेगळंच असतं. आणि जावाला बाहेरच्या सी किंवा सी++ कोडशी बोलता यावं म्हणून जेएनआय नावाची सोय १९९७ च्या जेडीके १.१ पासनं, म्हणजे जावाच्या अगदी जुन्या आवृत्तीपासनं आहे, म्हणजे हे काय कुणी चोरून घुसवलेलं नाही. लिब्रेऑफिसचंच घ्या. ते बहुतेक सगळं सी++ मध्ये लिहिलेलं. जावा प्रोग्रामला त्याच्याशी बोलायचे मुख्य दोन रस्ते, सॉकेट (नेटवर्कच्या पोर्टवरनं) नाहीतर पाइप (एकाच मशीनच्या आतनं). सॉकेटनं बोललात तर खरंच कुठली डीएलएल लागत नाही, तेवढ्यापुरता मेसेज बरोबर. पण पाइपनं बोलायचं तर मध्ये जेपाइप नावाची छोटीशी लायब्ररी लागते, आणि ऑफिस चालू करून जोडून घ्यायची जी बूटस्ट्रॅप नावाची तयार मेथड सगळे वापरतात ती आतनं पाइपच वापरते. ऑफिसची खिडकी आपल्या जावाच्या खिडकीत बसवायची असेल तर ऑफिसबीन, त्याचीही लायब्ररी वेगळी. त्यामुळं डीएलएल मागितली म्हणून सॉफ्टवेअर बोगस होत नाही.

आता सिस्टम३२. इथं जरा थांबतो कारण सगळ्यात जास्त वाट ह्यानंच लागलीय.

मार्केट यार्डात अण्णा म्हणून एक हळदीचे आडतदार आहेत, त्यांचं बिलिंग जावात, आणि शेतकऱ्याची पट्टी लिब्रेऑफिसमधल्या कॅल्कच्या शीटमधनं निघते. नवीन कॉम्प्युटर घेतला, ऑफिस नवीन टाकलं, आणि पट्टी बंद. ऐन सीझन, बाहेर पोती उतरायला लागलेली, तोलाई चालू, आणि आत अण्णा पट्टी हातानं लिहायला बसलेले. त्यांच्या पोरानं मेसेज वाचून कुठल्यातरी साइटवरनं जेपाइप डॉट डीएलएल उतरवून सिस्टम३२ मध्ये टाकली होती. एक नव्हं, तीन वेगवेगळ्या. मी गेलो तर मला म्हणतो, "दादा, आपलं मशीन इंटेलचं आहे आणि ही एरर एएमडीचं काहीतरी म्हणतीय, म्हणून मी इंटेलवाली डीएलएल शोधत होतो."

स्क्रीनवर ओळ होती, 'कान्ट लोड एएमडी ६४-बिट डॉट डीएलएल ऑन अ आयए ३२-बिट प्लॅटफॉर्म'. ह्यातलं एएमडी म्हणजे तुमच्या प्रोसेसरची कंपनी नव्हे हो, आजचा हा ६४ बिटचा प्रकार आधी एएमडीनं काढला म्हणून त्याचं नावच एएमडी६४ पडलं, इंटेलच्या मशीनवरही तेच दिसतं. आणि प्लॅटफॉर्म म्हणजे इथं कॉम्प्युटर नाही, चालू असलेलं जावा. म्हणजे ओळ सरळ सांगत होती की डीएलएल ६४ बिटची आहे आणि तिला उचलणारं जावा ३२ बिटचं आहे. फाइल सापडली होती की! जी सापडलीय ती अजून तीनदा उतरवून काय होणार.

'मशीन ६४ बिटचं असेल तर प्रश्न येत नाही' ह्याचं उत्तरही त्यातच आलं. ६४ बिटच्या विंडोजवर ३२ बिटचा प्रोग्राम मजेत चालतो, पण एका प्रोसेसमध्ये, म्हणजे एका चालू प्रोग्राममध्ये, दोन्ही बिट एकत्र नांदत नाहीत. जावा, लायब्ररी, जे काय एकाच प्रोसेसमध्ये येणार ते सगळं एकाच बिटचं पाहिजे. आणि नावांची गंमत बघा, ६४ बिटच्या विंडोजमध्ये ६४ बिटच्या डीएलएल असतात सिस्टम३२ मध्ये आणि ३२ बिटच्या सिसवॉव६४ मध्ये, बरोब्बर उलटं, म्हणून नुसत्या नावावरनं टाकणारा हमखास चुकतो.

शिवाय ऑफिसची डीएलएल एकटी नसते, तिला ऑफिसच्याच फोल्डरातल्या दुसऱ्या लायब्रऱ्या लागतात. ती तिथनं उचलून दुसरीकडं नेली की 'कान्ट फाइंड डिपेंडंट लायब्ररीज' येतं, आणि लोक म्हणतात फाइल तर समोर दिसतीय मग नाही का म्हणतंय. ती फाइल आहे हो, तिच्याबरोबरची नाहीत. आणि 'नो अमुक इन जावा डॉट लायब्ररी डॉट पाथ' असं आलं तर मात्र खरंच फाइल सापडलेली नाही, तेव्हा ऑफिसचा 'प्रोग्राम' नावाचा फोल्डर त्या पाथमध्ये (जावा जिथं लायब्ररी शोधतं ती यादी) द्यायचा, फाइल हलवायची नाही. अनोळखी साइटवरची डीएलएल सिस्टम फोल्डरात टाकणं म्हणजे चोराला किल्ली देण्यातलाच प्रकार आहे, ते वेगळंच.

जावा काढून लेटेस्ट टाका, ह्यानं कधीकधी काम होतं हे मान्य, पण ते नशिबानं, ३२ च्या जागी ६४ आलं म्हणून. अण्णांकडं त्यानंही झालं नसतं, कारण बिलिंगवाल्यानं स्वतःच्या फोल्डरात स्वतःचं जुनं जावा दिलेलं होतं, तुम्ही बाहेरचं कितीही बदला ते तेच उचलणार. कमांड प्रॉम्प्टच्या काळ्या खिडकीत त्या फोल्डरातनं जावा आणि पुढं हायफन व्हर्जन टाईप केलं, तिसऱ्या ओळीत '६४-बिट' हा शब्दच नव्हता. बिलिंग चालू करणाऱ्या बॅच फाइलमध्ये जावाचा एक पाथ होता, तो ६४ बिटच्या जावाकडं वळवला आणि सिस्टम३२ मधली ती घाण काढली. सॉफ्टवेअरवाल्याला फोन लावत होतो, तो काय उचलेना.

नव्या जावात सगळं बंद झालंय म्हणे. कुठं? मार्च २०२४ च्या जावा २२ मध्ये जेएनआयशिवाय बाहेरची लायब्ररी बोलवायची नवीन सोय पक्की झाली, पण बोलवायची ती लायब्ररी लागतेच. आणि मार्च २०२५ च्या जावा २४ पासनं जेएनआय वापरलं तर वॉर्निंग येते, ती एक ऑप्शन देऊन गप्प करता येते. वॉर्निंग म्हणजे बंद नव्हे.

सॉकेटनं जोडणाऱ्यांना एक सांगतो, होस्टच्या जागी लोकलहोस्टच द्या, म्हणजे आपलंच मशीन. पासवर्ड वगैरे काही नसतो, पोर्ट सगळ्या नेटवर्कला उघडा ठेवला तर शेजारच्या गाळ्यातनंही कुणी तुमचं ऑफिस चालवू शकेल.

बॅकअप घ्या हे तेवढं बरोबर लिहिलंय. अण्णांच्या पोरानं नेमकं तेवढंच केलं नव्हतं.