टाराचा कॉर्मॅक, पैठणचा शालिवाहन

पाडवा आला की आमच्या नातेवाइकांच्या ग्रुपवर शालिवाहनावरून जुंपते. यंदा एका चुलतभावाने लिहिलं, मातीचं सैन्य जिवंत करणारा कुंभाराघरचा पोर म्हणजे थाप. इ.स. 78 सालच्या शकाचा संबंध इतिहासकार कुशाण राजा कनिष्काशी किंवा शकांच्या क्षत्रप राजांशी जोडतात. दुसऱ्याने त्याला थेट धर्मद्रोही ठरवलं. मी बोलले, तर उत्तर आलं, "तू तिकडून शिकवू नकोस."

तिकडून म्हणजे आयर्लंडमधल्या नॅव्हनहून. इथून टाराची टेकडी, जुन्या आयरिश राजांची गादी, अगदी जवळ. तिथे कॉर्मॅक मॅक आर्टने राज्य केलं, असं मध्ययुगीन आयरिश कथा सांगतात. लांडगीने वाढवलेलं हे पोर टाराला आलं तेव्हा गादीवर मॅक कॉन होता. मेंढ्यांनी राणीचा निळीचा मळा फस्त केला होता. मेंढ्या राणीला देऊन टाका, असा राजाने निवाडा केला. कॉर्मॅक म्हणाला, नाही, फक्त लोकर द्या. मळा पुन्हा फुटेल, लोकरही पुन्हा वाढेल. ज्या घरात हा चुकीचा निवाडा झाला, त्याची ती बाजू तिथल्या तिथे खचली. पुढे राजा झालेल्या कॉर्मॅकचा डोळा गेला. व्यंग असलेल्या राजाला टारावर राहता येत नसे, म्हणून त्याने राज्य सोडलं.

लेकीला हे सगळं थर्ड क्लासमध्ये शिकवलं. तो खरा होता का, यावरून इथे कुणी कुणाला द्रोही ठरवत नाही. टेकडीवरच्या एका गोल बांधाला आजही कॉर्मॅकचं घर म्हणतात आणि रविवारी लोक मुलांना घेऊन तिथे चढतात. हो, त्याच टारा-स्क्रीन खोऱ्यातून एम-थ्री हा महामार्ग नेला, आंदोलनं झाली, तरी 2010 मध्ये तो सुरू झाला. मीही रोज त्यावरूनच डब्लिनला जाते. पण ते भांडण रस्त्याचं होतं. राजावर माया करायला आधी त्याचा दाखला कुणी मागितला नाही.

मला कॉर्मॅक मनापासून आवडतो, पण टारावर मी पाहुणीच असते. माझा राजा शालिवाहनच. आजी सांगायची, त्याने पाणी शिंपडलं आणि मातीचे हत्ती सोंड हलवत उठले. हे तिने मला सांगितलं तेव्हा शक, क्षत्रप काही मध्ये आलं नव्हतं. मी कुठे राहते यावरून तो माझा आहे की नाही हे ठरत नाही, आणि ते मला ग्रुपवर कुणी सांगूही नये. त्या दोघा भावांना एवढंच विचारायचंय: तुमच्या मुलांना ही गोष्ट सांगितलीत का?