थरच्या वाळवंटातला चार मिलिमीटरचा कोळी कुणाचा जीव घेत नाही

आत्याचा ज्येष्ठ नागरिकांचा गट डिसेंबरात जैसलमेरला निघालाय. पैसे भरून झालेत, तिकिटं हातात आहेत, आणि आता ती फोनवर विचारतेय, "तिकडे कसलासा उडी मारणारा कोळी आहे म्हणे, चावला की माणूस पाच दिवसांत जातो. माझं नाव काढून घेऊ का रे?" मागोमाग तिने तो मेसेज पाठवला. तोच मेसेज सोसायटीच्या ग्रुपवरही फिरतोय आणि शिकलीसवरलेली माणसं खाली हात जोडून "धन्यवाद, पुढे पाठवतो" लिहितायत. म्हणून हे सविस्तर उत्तर.

मेसेजचा मथितार्थ असा: थरच्या वाळवंटात शास्त्रज्ञांना नवा कोळी सापडलाय, तो नागापेक्षा विषारी आहे. शौचालयाच्या सीटखाली लपतो, तीन बायका त्याने मेल्या. सहा फुटांवरून तोंडावर झेप घेतो, चावला की मांस सडतं (सोबत सडलेल्या पायाचा फोटो), कातडीखाली अंडी घालतो. त्यावर औषध नाही, म्हणून चावल्या जागी ब्लेडने चीर देऊन रक्त काढा, वर दोरी करकचून बांधा आणि चुना भरा. शेवटी घरभर स्प्रे मारायचा सल्ला.

आधी त्यातला उपचार घेतो, कारण बाकी बहुतेक सगळं निव्वळ खोटं आहे, पण हे माणूस मारू शकतं.

जैसलमेर-बाडमेर पट्ट्यात रात्री काही चावलं तर खरी भीती असते फुरशाची आणि मण्यारीची. फुरसं आपल्या कोकणातल्या लोकांना सांगायला नको. त्याच्या विषाने रक्त गोठायचं थांबतं. अशा माणसाच्या पायाला ब्लेडने चीर दिली तर त्या चिरेतून रक्त वाहतच राहणार. मण्यारीची गोष्ट वेगळी. ती जमिनीवर झोपलेल्याला चावते, दुखत फारसं नाही, खूणही धड दिसत नाही, आणि काही तासांत श्वासाचे स्नायू लुळे पडू लागतात. पश्चिम राजस्थानात तर "पीवणा" नावाचा साप झोपलेल्याच्या छातीवर बसून श्वास पिऊन टाकतो अशी समजूतच आहे. ती मण्यारीवरूनच पडली असावी. आता कल्पना करा, पहाटे कुणाला पायाला काहीतरी चावल्यासारखं वाटलं, डोळे जड झाले, आणि शेजारच्याला हा मेसेज आठवला: "कोळी असेल, त्याला औषध नाही, चुना लाव." जे तास दवाखान्यात जायचे, ते चुना मळण्यात गेले. फुरसं, मण्यार, नाग आणि घोणस या चौघांच्या विषावरची लस (प्रतिविष) सरकारी दवाखान्यांत दिली जाते. चीर देऊ नका, रक्त चोखू नका, दोरी आवळू नका, हे सर्पदंशाच्या उपचारांत डॉक्टर वर्षानुवर्षं बजावतायत. चावलेला अवयव हलू न देता १०८ ला फोन करून दवाखाना गाठायचा. विंचवाचंही तेच. महाडच्या डॉ. हिंमतराव बावस्करांनी विंचूदंशावर प्राझोसिनचा उपचार रूढ केला, पण ते औषध मिळायला दवाखान्यात जावं लागतं.

कोळ्यावर "औषध नाही" हे शब्दशः खरं आहे. या कोळ्याच्या चाव्यावर कुणी लस बनवलेली नाही, कारण तशी गरजच नाही.

आता मांस सडण्याचा तो भयंकर फोटो. मधुमेहातली जखम असो, जंतूंचा संसर्ग असो की फोड असो, कुणाचाही पाय दाखवायचा आणि खाली कोळ्याचं नाव लिहायचं, हा जुना उद्योग आहे. यावर एकच अभ्यास सांगतो, तो पुरेसा आहे. ऑस्ट्रेलियातले डॉक्टर जेफ्री इसबिस्टर आणि कोळ्यांचे अभ्यासक मायकेल ग्रे यांनी २००२ मध्ये ७५० कोळीदंशांची पाहणी प्रसिद्ध केली. तिचं वजन एका अटीमुळे आहे: चावलेला कोळी प्रत्यक्ष पकडलेला हवा आणि तज्ज्ञाने तो ओळखलेला हवा. "कोळीच असणार" असं रुग्णाने सांगून भागत नव्हतं. त्या ७५० पैकी मांस सडून व्रण पडल्याची उदाहरणं किती? शून्य. लक्षणीय त्रास झालेले ४४ जण, आणि त्यातले ३७ रेडबॅक नावाच्या कोळ्याने चावलेले. रेडबॅक हा ब्लॅक विडो या विषारी कोळ्याचा भाऊबंद, उडी मारणाऱ्या कोळ्यांच्या कुळाशी त्याचा संबंध नाही. जगातल्या खरोखर विषारी कोळ्यांनी भरलेल्या देशात ही स्थिती असेल, तर नुसत्या फोटोवर विश्वास कशाला ठेवायचा?

सीटखालचा कोळी तर चक्क उसना आणलाय. १९९९ साली अमेरिकेत एक ईमेल फिरत होता: शिकागोत विमानतळावरच्या हॉटेलात जेवलेल्या तीन बायका मेल्या, शौचालयाच्या सीटखाली कोळी होता. त्यात दिलेल्या शास्त्रीय नावाचा कोळी अस्तित्वात नव्हता, ज्या वैद्यकीय नियतकालिकाचा दाखला होता तेही नव्हतं. २००२ मध्ये तीच कथा फ्लोरिडात गेली आणि या वेळी तेलामोनिया डायमिडिएटा या बिचाऱ्या कोळ्याचं नाव चिकटवलं गेलं. तो आपल्याकडे, आशियात, झाडापाल्यात राहणारा उडी मारणारा कोळीच. तीन बायका, पाच दिवस, सीट, सगळं जसंच्या तसं उचलून आता कुणीतरी जैसलमेरला नेऊन ठेवलंय. इतक्या वर्षांत मेलेल्या बायकांचा आकडा बदलायचेही कष्ट घेतलेले नाहीत.

सहा फुटांची झेप आणि कातडीखालची अंडी यांवर फार वेळ घालवत नाही. हा कोळी पायात रक्तासारख्या द्रवाचा दाब एकदम वाढवून उडी घेतो, आणि ती त्याच्या एवढ्याशा अंगाच्या मानानेच असते. माणसाच्या तोंडाशी त्याला काही कर्तव्य नसतं. कातडीला भोक पाडून अंडी घालायचा अवयव कुठल्याच कोळ्याला नसतो. मादी रेशमाची पिशवी विणून त्यात अंडी घालते.

एक गोष्ट मान्य करावी लागेल. थरमध्ये नवा कोळी सापडला, हे खरं आहे. २०२२ मध्ये स्यूडोमोग्रस सुधी या नावाने त्याची नोंद झाली, केरळातल्या इरिंजालकुडाच्या क्राइस्ट कॉलेजमधले कोळ्यांचे अभ्यासक सुधीकुमार यांच्या सन्मानार्थ. आणि हो, त्याला विषही असतं. जवळपास सगळ्याच कोळ्यांना असतं, त्याशिवाय ते माशी-किडा मारणार कसे? पण नर जेमतेम ४ मिलिमीटरचा, तांदळाच्या दाण्याहून लहान. डोकं काळपट, त्यावर बारीक पांढरे केस, पिवळ्या पोटावर मधोमध लांब काळी पट्टी. राहतो वाळलेल्या गवताच्या पात्यांत. शास्त्राला तो नवा असला तरी त्या गवताला जुनाच आहे. तिथल्या गुराख्यांच्या पायाखालून तो पिढ्यान् पिढ्या उड्या मारत आलाय. याच कुळातल्या, ठाणे-कल्याण भागात सापडलेल्या एका कोळ्याला २०२१ मध्ये २६/११ चे हुतात्मा तुकाराम ओंबळे यांचं नाव दिलं गेलं. अभ्यासक ज्यांना अशी आदराची नावं देतात, त्यांच्या नावावर हे मेसेजवाले मुडदे खपवतायत, याचा मला मनापासून राग येतो.

राहिला स्प्रे. आत्याने आधीच दोन खोल्या फवारल्यात आणि आता तिलाच खोकला लागलाय. मेले ते खिडकीच्या चौकटीवर फिरणारे करडे, पट्ट्यांचे उडी मारणारे कोळी. त्यांच्याकडे एकदा नीट बघायला हवं होतं. आपण बोट जवळ नेलं की असा कोळी सगळं अंग वळवून समोर येतो, पुढचे दोन मोठे काळे डोळे आपल्यावर रोखतो, तोंडाजवळचे केसाळ हात वरखाली हलवतो. उडी घ्यायच्या आधी मागे एक धागा चिकटवून ठेवतो, चुकलाच तर त्या धाग्याला लोंबकळतो आणि पुन्हा वर चढतो. जाळं विणून बसत नाही, डास-माश्यांमागे स्वतः पळतो. बोटाखाली चिरडला तर चावेलही, मुंगीइतकं दुखेल, थोडं लाल होईल. घरात नकोच असेल तर वर वाटी उपडी ठेवा, खालून जाड कागद सरकवा आणि त्याला गॅलरीतल्या कुंडीत सोडून द्या.