शेकडा म्हणजे नेमका कुठला शेकडा?

"सर, व्याज सिस्टीम काढते." गेल्या आठवड्यात मी माझं कर्ज मिटवायला गेलो, तेव्हा हे वाक्य मला एकाच टेबलापलीकडून तीन माणसांनी ऐकवलं. तिसऱ्यांदा ऐकलं तेव्हा माझं डोकं फिरलं. सिस्टीमला कुणीतरी सूत्र शिकवलं असेल ना? ते सूत्र मला दाखवा, एवढीच माझी मागणी होती. पैसे माझ्या पगारातून जातात आणि ते कसे मोजले हे विचारलं की मीच काहीतरी चुकीचं बोलल्यासारखे सगळे एकमेकांकडे बघतात.

झालं असं. दीड वर्षापूर्वी मी एक लाखाचं कर्ज घेतलं. मुदत तीन वर्षं. एका ठिकाणी १४ टक्के सांगत होते, दुसरीकडे १० टक्के. दुसऱ्या ठिकाणच्या कागदावर १० च्या पुढे 'फ्लॅट' असा शब्द होता. मी विचारलं, तर उत्तर आलं, "म्हणजे दर बदलणार नाही, सर." मी १० वाल्याकडे सही केली. दहा चौदापेक्षा कमी असतात, यापलीकडे मी काय विचार करणार होतो?

आता अठरा हप्ते भरून झाले. हातात थोडे पैसे आले, म्हणून कर्ज मिटवायला गेलो. हप्ता ३,६११ चा. एक लाखावर दहा टक्क्यांनी तीन वर्षांचं व्याज ३०,०००, एकूण १,३०,०००, भागिले ३६. निम्मे हप्ते संपले, म्हणजे निम्मं मुद्दल, ५०,००० उरलं असणार, असा माझा हिशोब. त्यांच्या कागदावर आकडा होता सुमारे ५६,६००. कर्ज लवकर फेडण्याचा दंड त्यात धरलेलाच नव्हता, तो वेगळा. हे वरचे ६,६०० कुठून आले, असं विचारलं आणि तिथून ते सिस्टीमचं पुराण सुरू झालं.

रात्री घरी येऊन स्प्रेडशीट उघडली. तिच्यात 'रेट' नावाचं सूत्र असतं. त्यात हप्त्यांची संख्या, हप्त्याची रक्कम उणे चिन्ह लावून, आणि हातात मिळालेली रक्कम घातली की महिन्याचा खरा दर निघतो. मी ३६, उणे ३,६११ आणि १,००,००० घातले. उत्तर आलं महिन्याला १.४९ टक्के, म्हणजे वर्षाला जवळपास १७.९. दहा नव्हे, सतरा पूर्णांक नऊ! आणि याच दराने अठरा हप्त्यांनंतरची बाकी काढली, तर ती बरोब्बर त्यांच्या कागदावरची, ५६,६०० च्या आसपास.

माझा संताप इथे आहे. त्यांना खरा दर माहीत होता. कर्ज देताना मला १० सांगितला आणि वसुलीचा हिशोब त्यांच्या वहीत पहिल्या दिवसापासून १७.९ ने चालू होता. सिस्टीमला सगळं कळत होतं. न सांगितलेला माणूस मी एकटाच होतो.

शाळेत आपण सगळेच द.सा.द.शे. शिकलो. दर साल दर शेकडा. किती नेमका शब्द आहे हा! किती काळासाठी आणि किती रकमेवर, दोन्ही गोष्टी त्यातच सांगितलेल्या. आपण फक्त एक प्रश्न विचारायला शिकलो नाही, की शेकडा म्हणजे कुठला शेकडा? आज माझ्याकडे खरोखर असलेला, की मी कधीच परत दिलेला? घटत्या शिलकेवरच्या कर्जात दर महिन्याला जेवढं मुद्दल उरलं असेल तेवढ्यावरच व्याज लागतं. फ्लॅट दरात शेवटपर्यंत मूळ लाखावर लागतं. तीन वर्षांत माझ्याकडे सरासरी निम्म्याच्या आसपासच रक्कम असणार, पण व्याज पुऱ्या लाखावर. म्हणून खरा दर दुपटीच्या जवळ जातो.

त्यांचीच फ्लॅट पद्धत धरून शेवटचा हप्ता बघा. त्यात मुद्दल २,७७८ आणि व्याज ८३३. त्या महिन्यात माझ्याकडे त्यांचे फक्त २,७७८ उरलेले असतात आणि त्यावर एका महिन्याचं भाडं ८३३. महिन्याला ३० टक्के! असं तोंडावर सांगितलं असतं तर मी खुर्चीतून उठून निघून गेलो असतो.

आणि ज्याला मी महाग म्हणून नकार दिला त्या १४ टक्केवाल्याचं व्याज किती झालं असतं? घटत्या शिलकेवर हप्ता ३,४१८, तीन वर्षांचं व्याज सुमारे २३,०००. म्हणजे स्वस्त दराच्या नादात मी सात हजार जास्त मोजतोय. खरोखरच घटत्या शिलकेवर १० टक्के असते तर व्याज १६,१६२ वर थांबलं असतं. हे आकडे लिहितानाही हात थरथरतोय.

बरं, घटत्या शिलकेची कर्जं तरी कुणी समजावून देतं का? माझ्या बहिणीचं घराचं कर्ज घ्या. सोपे आकडे धरतो: दहा लाख, ९ टक्के, वीस वर्षं. हप्ता ८,९९७. पहिल्या महिन्यात त्यातले ७,५०० व्याजात जातात आणि मुद्दल फिटतं १,४९७. पाच वर्षांत ती जवळपास ५,४०,००० भरते आणि दहा लाखांतले कमी होतात अवघे १,१३,०००. निम्मं मुद्दल फिटायला चौदा वर्षं लागतात. इथे गणितात लबाडी नाही हे मला मान्य आहे. सुरुवातीला शिल्लक मोठी, म्हणून व्याज मोठं. पण हा तक्ता सहीच्या आधी समोर ठेवून, बोट लावून दाखवायला काय जातं? पाच वर्षांनी बाकी बघून तिला रडू आलं. आपल्याला कुणीतरी लुबाडलं असंच तिला वाटलं. हे रडू दहा मिनिटांच्या बोलण्याने टळलं असतं.

त्यात दर बदलता असेल तर आणखी वेगळा घोळ. दर ९ चा १० झाला आणि हप्ता तोच राहिला की लोक निश्चिंत होतात. हप्ता तोच राहिला कारण मुदत वाढवली! कर्जाच्या अगदी सुरुवातीलाच हा बदल झाला, तर २४० हप्त्यांचे ३१४ होतात. सहा वर्षं जास्त. एका ओळीच्या संदेशात फक्त नवा दर येतो. वाढलेली सहा वर्षं त्यात कुठेच नसतात.

चक्रवाढीचं तर बोलूच नका. वर्षाला १२ टक्के आणि महिन्याला १ टक्का हे एकच आहे, असं मला शिकल्यासवरलेल्या माणसांनी ठासून सांगितलंय. दर महिन्याला व्याज मुद्दलात मिळवलं तर वर्षाअखेर १२.६८ होतात. क्रेडिट कार्डाचे 'फक्त महिना ३ टक्के' थकबाकीवर वर्षभर साचले तर ३६ वर थांबत नाहीत, ४२.५८ होतात. याकोब बर्नुली या स्विस गणितज्ञाने १६८३ मध्ये हाच प्रश्न घेतला होता: वर्षाला १०० टक्के दराने ठेवलेल्या एका रुपयाचे वर्षाअखेर किती होतात? वर्षातून एकदा व्याज मिळवलं तर २, दोनदा मिळवलं तर २.२५, दर महिन्याला मिळवलं तर २.६१३, आणि क्षणाक्षणाला मिळवलं तरी २.७१८ च्या पुढे नाही. व्याज कितीदा मिळवता यावर उत्तर बदलतं, हे साडेतीनशे वर्षांपूर्वी समजलेलं आहे. तरी आजच्या जाहिरातीत ती गोष्ट तळाच्या मुंगीएवढ्या अक्षरांत. ठेवीच्या जाहिरातीत मात्र चक्रवाढ धरून आलेला मोठा आकडा ठळक छापतात आणि कर्जाच्या जाहिरातीत चक्रवाढ न धरलेला छोटा. गणित एकच, पण प्रत्येक वेळी आकडा निवडायचा तो छापणाऱ्याच्या सोयीचा. याचा मला मनापासून राग येतो.

दिवस मोजण्यातही तेच. काही करारांत वर्ष ३६० दिवसांचं धरतात आणि व्याज मात्र ३६५ दिवसांचं लावतात. १२ चे १२.१७ होतात. किंवा व्याज आधीच कापून घ्यायचं: एका वर्षाने लाख परत द्यायचे, दर १२, हातात ८८,०००. दर झाला १३.६. प्रोसेसिंग फी कापून घेतात तेव्हाही हेच होतं, कारण पूर्ण रकमेवर व्याज भरायचं आणि वापरायला मिळते त्याहून कमी.

आणि एवढं सगळं झाल्यावर आपल्यालाच ऐकवतात, की लोकांमध्ये आर्थिक साक्षरता नाही. अहो, मी विचारलं होतं! 'फ्लॅट' म्हणजे काय हे मी सहीच्या आधी विचारलं होतं आणि मला चुकीचं उत्तर मिळालं. माझ्या आधी त्या खुर्चीत बसलेल्या बाईंना तर विचारायचं धाडसच झालं नाही. मान हलवून त्यांनी सात ठिकाणी सह्या केल्या. त्यांच्या अज्ञानावर कुणीतरी कमिशन मिळवलं असणार आणि उद्या त्यांनाच कुणीतरी साक्षरतेचं पत्रक हातात देईल.

मला फार काही नको आहे. कर्जाच्या पहिल्या पानावर, दराइतक्याच मोठ्या अक्षरांत, चार गोष्टी हव्यात: व्याज कुठल्या रकमेवर लागणार, किती दिवसांनी मुद्दलात मिळणार, सगळे खर्च धरून वर्षाचा खरा दर किती, आणि शेवटपर्यंत एकूण किती भरायचे. चार ओळी! सिस्टीमला त्या छापायला एक सेकंद लागत नाही.

सोमवारी मी माझी स्प्रेडशीट छापून घेऊन गेलो. १७.९ या आकड्याभोवती लाल पेनाने गोल केला होता. समोरच्या माणसाने तो बराच वेळ पाहिला आणि म्हणाला, "हे तुम्ही कुठून काढलं?" मी म्हटलं, तुमच्याच हप्त्यातून. आता बाकी कशी काढली ते लेखी द्या, असा अर्ज दिलाय आणि पोच घेतली आहे. गुरुवारी पुन्हा जाणार आहे.