कालशालेला ग्रंथालय कशाला? एका प्रतिक्रियेला उत्तर

नमस्कार. तुमची प्रतिक्रिया दोनदा वाचली, म्हणून उत्तराला चार दिवस लागले.

नारायणगावच्या बाजूला एखाद्या माळावर 'कालशाला' नावाची अकादमी असावी, तिला लागून ग्रंथालय असावं आणि तिथे फक्त काळाचा अभ्यास व्हावा, अशी कल्पना मी गेल्या महिन्यात मांडली होती. त्यावर तुमचं म्हणणं असं : काळ हा भौतिकशास्त्राचा विषय, त्याला प्रयोगशाळा हवी, ग्रंथालय कशाला? पंचांगांना तिथे जागा देणं म्हणजे राहुकाळाला प्रतिष्ठा देणं. खरी वाचनालयं बंद पडत असताना हवेत इमले कशाला बांधायचे? आणि शेवटी वडिलांबद्दल तुम्ही जे लिहिलंत, त्याकडे मी मुद्दाम शेवटीच येतो.

आधी बंद पडणाऱ्या वाचनालयांबद्दल, कारण ते मला लागलं. काही वर्षांपूर्वी एका तालुक्याच्या गावी, जुन्या वाचनालयात, मी जुनी पंचांगं बघायला गेलो होतो. 'ती मागच्या दिवाळीला रद्दीत काढली,' असं तिथल्या बाईंनी सांगितलं. त्यांना दोष देता येईना. साल सरलं की पंचांगाचं काम संपलं, असंच आपण सगळे समजतो. रेल्वेचं वेळापत्रक, कारखान्याचं हजेरीबुक, आईने दुधाचे खाडे मांडलेलं कालनिर्णय, असे वेळ टळून गेलेले कागद कुणी ठेवत नाही. कालशालेचं ग्रंथालय मी कल्पिलं ते याच कागदांसाठी.

ठेवून करायचं काय? एकच उदाहरण देतो. जेधे शकावलीत, म्हणजे जेधे घराण्याकडच्या सालवार नोंदींत, शिवछत्रपतींच्या जन्माची नोंद आहे : शके १५५१, फाल्गुन वद्य तृतीया, शुक्रवार. आपण ती १९ फेब्रुवारी १६३० अशी मांडतो. आता आजचं ग्रेगोरियन कॅलेंडर मागे मागे नेत त्या तारखेपर्यंत जा, वार निघतो मंगळवार! मग शकावली चुकली का? नाही. १९ फेब्रुवारी ही जुन्या ज्युलियन गणनेतली तारीख आहे. १५८२ साली दहा दिवस गाळून जी नवी गणना सुरू झाली, तिच्यात तोच दिवस १ मार्च १६३० येतो आणि त्या दिवशी शुक्रवारच आहे. शकावली लिहिणाऱ्याने वार टिपला म्हणून गाठ सुटते. इंग्रजांनी नवी गणना १७५२ पर्यंत घेतलीच नव्हती, पोर्तुगीजांनी मात्र ती लगेच घेतली. म्हणजे शिवकाळात सुरतेच्या इंग्रज वखारीत आणि गोव्यात एकाच दिवशी लिहिलेल्या पत्रांवर दहा दिवसांच्या अंतराच्या तारखा. त्याच दिवसाच्या मराठी कागदावर शुहूर सन, म्हणजे मराठी दप्तरातली आणखी एक कालगणना, तोही अरबी अंकनामांत, आणि हे साल बदलतं मृगाला. इथे अणुघड्याळ काय करील? इथे जंत्रीच लागते, म्हणजे वेगवेगळ्या गणनांच्या तारखा जुळवून देणारं कोष्टक.

राहुकाळ मलाही नको. पण पंचांग म्हणजे तेवढंच नव्हे, त्याच्या पोटात गणित आहे. शंकर बाळकृष्ण दीक्षितांनी १८९६ मध्ये 'भारतीय ज्योतिषशास्त्र' मराठीत लिहिलं, ते या गणिताचा इतिहास म्हणूनच. टिळक पंचांग पाळणाऱ्या कोकणातल्या घरी काही वर्षी सण इतरांपेक्षा महिन्याच्या फरकाने येतात. त्याच्या मुळाशी राशिचक्राचा आरंभबिंदू कुठे धरायचा हा वाद आहे, आणि तो आकाशाकडे बघूनच घालायचा वाद आहे. मेघनाद साहांइतका कडक बुद्धिवादी शास्त्रज्ञ शोधूनही मिळणार नाही. त्यांच्याच समितीने देशभरातली पंचांगं तपासली आणि त्यातून २२ मार्च १९५७ रोजी, म्हणजे १ चैत्र १८७९ ला, आपली राष्ट्रीय दिनदर्शिका लागू झाली.

प्रयोगशाळा नको असं मी म्हटलंच नव्हतं. माझ्या आजोबांचं तांब्याचं घटिकापात्र माझ्याकडे आहे. परवा घंगाळात सोडून मोबाईल लावून बसलो. बुडाच्या भोकातून पाणी आधी मण्याएवढं वर येतं, मग बराच वेळ काही घडतच नाहीसं वाटतं. शेवटी काठ पाण्याला टेकतो आणि भांडं डुबुक करून खाली जातं. घटिका २४ मिनिटांची. आमचं भांडं तेविसाव्या मिनिटाला बुडालं. घरातली किती लग्नं एक मिनिट आधी लागली कोण जाणे. सीझियम अणूची ९,१९२,६३१,७७० स्पंदनं म्हणजे एक सेकंद, ही व्याख्या १९६७ ची. घटिकापात्रापासून तिथवरचा प्रवास मुलांनी हाताने करून बघावा, अशी माझी फार इच्छा आहे. पण एवढा काटेकोर सेकंदसुद्धा एकटा पुरत नाही. पृथ्वीच्या फिरण्याशी मेळ राहावा म्हणून १९७२ पासून २७ लीप सेकंद, म्हणजे जादा सेकंद, घालावे लागले, आणि २०३५ पर्यंत ही पद्धत बदलायची हे २०२२ मध्ये देशोदेशीच्या प्रतिनिधींनी बैठकीत ठरवलं. कुठली वेळ सर्वांची मानायची हे माणसंच ठरवतात, आणि तो इतिहास कागदांवरच असतो.

आता वडिलांबद्दल. 'बापाचं आयुष्य तीन पाळ्यांत गेलं, तुमच्या कालशालेत पोटासाठी वेळ विकणारा माणूस कुठेच दिसत नाही,' असं तुम्ही लिहिलंत. बरोबर आहे. माझ्या आराखड्यात खगोल आहे, इतिहास आहे, तत्त्वज्ञान आहे, भोंगा नाही. ही चूक साधी नाही, कारण मुंबईत वेळेवरून भांडण झालं ते रोजच्या जगण्यातच. १९०६ च्या १ जानेवारीपासून भारतीय प्रमाणवेळ आली, ती मुंबईच्या स्थानिक वेळेहून ३९ मिनिटं पुढे. घड्याळात तीच वेळ, पण कामगाराला सूर्याच्या हिशेबाने ३९ मिनिटं आधी गिरणीच्या दारात उभं राहायचं! शहरात 'बॉम्बे टाइम' त्यानंतरही १९५५ पर्यंत टिकून होता. पाळी, भोंगा आणि ओव्हरटाइमचं दालन मी आराखड्यात घातलं आहे, आणि ते शेवटच्या कोपऱ्यात नाही, दारातून शिरल्यावर पहिलंच आहे.

तुमच्या वडिलांचं हजेरीचं कार्ड किंवा पगाराची चिठ्ठी घरात कुठे असेल तर कृपा करून टाकू नका. पाळीच्या वेळा त्यावर छापलेल्या असतील, तर मला एक फोटो पाठवाल का?