ट्राउटमनची कारकीर्द सतरा मिनिटांची नव्हती

बर्ट ट्राउटमनबद्दल एक मजकूर सारखा फिरत असतो. मँचेस्टर सिटीच्या या जर्मन गोलकीपरने मान मोडल्याचं माहीत असूनही १९५६ची एफए कप फायनल (इंग्लंडच्या सर्वात जुन्या फुटबॉल चषकाचा अंतिम सामना) खेळून काढली, त्याबद्दल त्याला वर्षातला सर्वोत्तम फुटबॉलपटू ठरवलं आणि कालचा शत्रू एका दिवसात इंग्लंडचा लाडका झाला. एरवी तो साधारणच. नाहीतर जर्मनीने त्याला राष्ट्रीय संघात एकदा तरी घेतलं असतं. हेतू कौतुकाचा असेल, पण यामुळे एका थोर गोलकीपरवर अन्याय होतो.

मान मोडल्याचं त्याला माहीत नव्हतं. ५ मे १९५६, वेम्बली. सिटी बर्मिंगहॅमविरुद्ध ३-१ने पुढे. साधारण सतरा मिनिटं उरली असताना बर्मिंगहॅमच्या पीटर मर्फीच्या पायातून चेंडू काढायला त्याने झेप घेतली आणि मर्फीचा गुडघा त्याच्या मानेवर आदळला. तेव्हा बदली खेळाडू उतरवायची सोयच नव्हती. तो बाहेर गेला असता तर दहा जणांत खेळावं लागलं असतं आणि दुसऱ्याच कुणाला तरी गोलमध्ये उभं करावं लागलं असतं. मानेचे पाच मणके सरकलेत, त्यातला एक दुभंगलाय, हे काही दिवसांनी एक्स-रेत कळलं. तो शूर होताच, पण जाणूनबुजून मृत्यूशी खेळला नाही.

पुरस्काराचं तर सरळच आहे. फुटबॉल पत्रकारांनी त्याची निवड फायनलच्या आधी केली होती, आणि हा मान मिळवणारा तो पहिला गोलकीपर. निवड झाली ती मोसमभराच्या खेळावर.

‘एका दिवसात लाडका’ हे मला सगळ्यात खटकतं. ब्रेमेनचा हा मुलगा दुसऱ्या महायुद्धात स्वखुशीने जर्मन हवाई दलात गेला, पॅराट्रूपर झाला, पूर्व आघाडीवर लढला, आयर्न क्रॉस हे जर्मन शौर्यपदक मिळवलं. हे झाकायचं कारण नाही. ब्रिटिशांच्या हाती लागल्यावर लँकेशायरच्या कैदी छावणीत तो गोलमध्ये उभा राहू लागला. सुटका झाल्यावर मायदेशी न परतता सेंट हेलेन्स टाउनकडून खेळला. १९४९ मध्ये सिटीने त्याला घेतलं, तेव्हा सुमारे वीस हजार लोक निषेधाला रस्त्यावर उतरले. नॉर्मंडीत लढलेला कर्णधार एरिक वेस्टवूड त्याच्या पाठीशी उभा राहिला. नाझी जर्मनीतून पळून आलेले रब्बी (ज्यू धर्मगुरू) अलेक्झांडर आल्टमन यांनी जाहीर पत्र लिहिलं: एका माणसाला साऱ्या देशाच्या गुन्ह्याची शिक्षा देऊ नका. त्यानंतरही मैदानोमैदानी शिव्या झेलत तो खेळत राहिला. फायनलपर्यंत अशी सहा-साडेसहा वर्षं गेली होती.

आणि साधारण? १९६४ पर्यंत सिटीसाठी ५४५ सामने, त्यातले कितीतरी त्या दुखापतीनंतरचे. उंच लाथ मारून चेंडू नशिबावर सोडण्याऐवजी तो हाताने लांब, अचूक फेकायचा. लहानपणी खेळलेला हँडबॉल इथे कामी आला. आघाडीचा खेळाडू असूनही मागे येऊन खेळणाऱ्या डॉन रेव्हीभोवती सिटीची जी चाल रचली होती, तिची सुरुवात बऱ्याचदा या फेकीपासून व्हायची.

जर्मनीबद्दल: राष्ट्रीय संघाचे प्रशिक्षक सेप हेर्बर्गर त्याला १९५३ मध्ये भेटले होते. प्रवासाच्या आणि राजकीय अडचणी सांगून, जर्मन लीगमध्ये खेळत असशील तरच विचार करता येईल, असं त्यांनी स्पष्ट केलं. इंग्लिश फुटबॉल लीगने मात्र १९६० मध्ये आपल्या निवडक संघात या जर्मन माणसाला गोलमध्ये उभं केलं.