आजोबा वसाहतीत जन्मले म्हणून ब्रिटिश पासपोर्ट? एका फिरत्या दाव्याचा प्रतिवाद

कौटुंबिक ग्रुपवर एक मेसेज अधूनमधून येतो. मजकूर थोडाफार बदलतो, दावा तोच: आजी-आजोबा किंवा पणजोबा ब्रिटिशांच्या कुठल्याही वसाहतीत जन्मले असतील, नैरोबी असो, झांझिबार, एडन वा जिब्राल्टर, किंवा घरात त्यांचा जुना ब्रिटिश पासपोर्ट सापडला असेल, तर २०२२ च्या नव्या कायद्याने नातवंडांना वंशाधारे ब्रिटिश नागरिकत्व मिळते. जन्मदाखला जोडायचा, अर्ज करायचा, भारतीय पासपोर्टही ठेवायचा. या मेसेजवर विसंबून लोक एजंटांना पैसे देतात, आणि ज्या मोजक्या लोकांचा हक्क खरा आहे त्यांची मुदत मात्र उलटून जाते. म्हणून एकेक मुद्दा तपासू.

"वसाहत म्हणजेच ओव्हरसीज टेरिटरी"

तसे नाही. ओव्हरसीज टेरिटरी म्हणजे ब्रिटनबाहेरचे, पण आजही ब्रिटनच्या अखत्यारीत असलेले प्रदेश. आज अशा १४ टेरिटरी आहेत: अँग्विला, बर्म्युडा, ब्रिटिश व्हर्जिन आयलंड्स, केमन आयलंड्स, माँटसेराट, टर्क्स आणि केकॉस, फॉकलंड, जिब्राल्टर, पिटकेर्न, सेंट हेलेना–असेन्शन–ट्रिस्टन द कुन्या, दक्षिण जॉर्जिया व दक्षिण सँडविच बेटे, ब्रिटिश अंटार्क्टिक टेरिटरी, ब्रिटिश इंडियन ओशन टेरिटरी आणि सायप्रसवरचे दोन लष्करी तळ. केनिया, युगांडा, टांझानिया, एडन, मॉरिशस या यादीत नाहीत. भारत तर नाहीच.

रत्नागिरीत १९२५ साली जन्मलेले आजोबा ब्रिटिश प्रजाजन होते, हे खरे. पण ब्रिटनचा १९४८ चा कायदा १ जानेवारी १९४९ ला लागू झाला आणि 'युनायटेड किंगडम व वसाहतींचे नागरिक' असा नवा दर्जा आला, तेव्हा भारत स्वतंत्र झालेला होता. भारतातल्या जन्मामुळे तो दर्जा कुणाला मिळाला नाही. गोव्यात जन्मलेल्यांचा तर जन्माने ब्रिटनशी संबंधच नव्हता; १९६१ पर्यंत तो पोर्तुगालच्या ताब्यात होता. पोर्तुगीज राष्ट्रीयत्व आजोबांच्या नोंदीवरून मिळवलेली घरे गोव्यात पुष्कळ आहेत, आणि त्यामुळेच ब्रिटनचाही नियम तसाच असेल असे अनेकांना वाटते. दोन्ही कायद्यांची रचनाच वेगळी आहे.

"आजोबा नैरोबीत जन्मले, म्हणजे ते ब्रिटिश नागरिक होते"

हा मुद्दा सविस्तर पाहायला हवा, कारण पूर्व आफ्रिकेशी नाते असलेली मराठी आणि गोवेकर कुटुंबे आजही आहेत आणि इथे अर्धसत्य सर्वात जास्त आहे.

पहिला प्रश्न जन्मगावाचा. नैरोबी 'केनिया कॉलनी'त होते. तिथे १९५० साली जन्मलेले मूल जन्माने युनायटेड किंगडम व वसाहतींचे नागरिक. मोम्बासा मात्र झांझिबारच्या सुलतानाच्या सुमारे १० मैल रुंद किनारपट्टीत, म्हणजे 'केनिया प्रोटेक्टोरेट' या ब्रिटनच्या संरक्षणाखालच्या, पण वसाहत नसलेल्या मुलखात. तिथे त्याच वर्षी जन्मलेले मूल, वडील स्वतः तसे नागरिक नसतील तर, फक्त ब्रिटिश संरक्षित व्यक्ती (ब्रिटिश प्रोटेक्टेड पर्सन), नागरिक नव्हे. देश एक, पण दर्जे दोन. युगांडा, झांझिबार आणि टांगानिका इथल्या जन्मानेही संरक्षित व्यक्तीचाच दर्जा मिळत असे. एडन शहर वसाहत होते, भोवतालचा मुलूख प्रोटेक्टोरेट. त्यामुळे दाखल्यावर 'केनिया' एवढेच वाचून थांबू नका, जिल्हा बघा.

दुसरा प्रश्न १२ डिसेंबर १९६३ चा, म्हणजे केनिया स्वतंत्र झाला त्या दिवसाचा. व्यक्ती केनियात जन्मलेली आणि आई-वडिलांपैकी एकजणही केनियातच जन्मलेला असेल, तर ती आपोआप केनियाची नागरिक झाली आणि ब्रिटनशी खास नाते नसेल तर जुना दर्जा गेला. आई-वडील दोघेही कोकणातून किंवा गोव्यातून गेलेले असतील, तर असे आपोआप झाले नाही. दोन वर्षांच्या मुदतीत केनियाचे नागरिकत्व नोंदवून घेतले नसेल, तर ब्रिटिश दर्जा कायम राहिला.

पण त्या दर्जाचा अर्थ हळूहळू पोकळ होत गेला. १९६८ च्या कायद्याने, ब्रिटनमध्ये जन्मलेले आई-वडील किंवा आजी-आजोबा नसलेल्या अशा पासपोर्टधारकांचा मुक्त प्रवेश थांबवला. १ जानेवारी १९७३ पासून ब्रिटनमध्ये राहण्याचा हक्क ठराविक नाते किंवा तिथे स्थायिक होऊन काढलेली पाच वर्षे यांवर ठरू लागला. आणि १ जानेवारी १९८३ ला, १९८१ चा कायदा लागू होताना, ज्यांना तो हक्क नव्हता आणि ज्यांचा तेव्हाच्या टेरिटरींशीही संबंध नव्हता, ते 'ब्रिटिश ओव्हरसीज सिटिझन' झाले. नाव भारदस्त आहे, पण या दर्जाने ब्रिटनमध्ये राहता येत नाही आणि तो पुढच्या पिढीकडे साधारणपणे जात नाही.

याचा एक विचित्र परिणाम असा की, नैरोबीत जन्मून हा दर्जा टिकवलेल्या वडिलांचे १९७० साली पुण्यात जन्मलेले अपत्य कागदोपत्री आजही ब्रिटिश ओव्हरसीज सिटिझन असू शकते. मग १९८१ च्या कायद्याच्या कलम ४ब (4B) खाली ब्रिटिश नागरिक म्हणून नोंदणी होईल का? ती सोय ३० एप्रिल २००३ पासून आहे, पण दुसरे कुठलेही राष्ट्रीयत्व नसलेल्यांसाठी. आणि ४ जुलै २००२ नंतर दुसरे राष्ट्रीयत्व सोडून किंवा घालवून पात्र होता येत नाही. भारतीय नागरिकाला ते दार बंद आहे. भारतीय पासपोर्ट परत करून मग अर्ज करा, असे सुचवणारा एजंट अशिलाला देशविहीन करायला निघालेला असतो.

"जुना पासपोर्ट सापडला, काम झाले"

पासपोर्ट त्या दिवशीचा दर्जा सांगतो. आत राष्ट्रीय दर्जाची ओळ वाचा. 'ब्रिटिश सब्जेक्ट, सिटिझन ऑफ द युनायटेड किंगडम अँड कॉलनीज' असेल तर पुढचा तपास करण्यात अर्थ आहे. 'ब्रिटिश प्रोटेक्टेड पर्सन' असेल, तर दुसरे नागरिकत्व घेताच तो दर्जा संपतो. 'इंडियन एम्पायर' छापलेला स्वातंत्र्यपूर्व पासपोर्ट जपून ठेवावा असा दस्तऐवज आहे, नागरिकत्वाचा आधार नव्हे.

"टेरिटरी खरी असेल तर नातवंडांना मिळतेच"

समजा, वडील १९६० साली जिब्राल्टरमध्ये जन्मले आणि तिथला दर्जा त्यांनी टिकवला. १९८३ ला ते डिपेंडंट टेरिटरीजचे नागरिक झाले, २६ फेब्रुवारी २००२ ला त्या दर्जाचे नाव ओव्हरसीज टेरिटरीज असे बदलले, आणि २१ मे २००२ ला ते आपोआप ब्रिटिश नागरिकही झाले. (निव्वळ सायप्रसच्या तळांमुळे दर्जा असलेले यातून वगळले आहेत.) त्यांची १९९५ साली पुण्यात जन्मलेली मुलगी त्याच दिवशी ब्रिटिश नागरिक झाली, पण 'वंशाने'. साखळी इथे अडते: वंशाने नागरिक असलेली व्यक्ती परदेशात जन्मलेल्या अपत्याला नागरिकत्व आपोआप देऊ शकत नाही. त्या मुलीला २०२३ साली पुण्यात झालेले बाळ जन्माने ब्रिटिश नाही.

त्या बाळासाठी १९८१ च्याच कायद्यात दोन वाटा आहेत. कलम ३(२): बाळाच्या जन्माआधी आईने ब्रिटनमध्ये किंवा टेरिटरीत कधीतरी सलग तीन वर्षांचा काळ काढलेला असावा आणि त्यात बाहेर राहिल्याचे दिवस २७० पेक्षा जास्त नसावेत. कलम ३(५): बाळ आणि आई-वडील अर्जाआधीची तीन वर्षे तिथे राहिलेले असावेत, २७० दिवसांची मर्यादा तीच. दोन्ही अर्ज मूल १८ वर्षांचे होण्याआधी पोचावे लागतात. इथे नेहमी होणारी चूक म्हणजे जन्मानंतर आईने तीन वर्षे जाऊन राहणे आणि ते ३(२) मध्ये मोजणे. त्या कलमात जन्मानंतरचा काळ धरतच नाहीत. मुक्कामाचे पुरावे, पगारपत्रके, घरभाड्याचा करार, कॉलेजचे पत्र, पासपोर्टवरचे शिक्के, हे सगळे महिन्यावार लावून ठेवा. दिवस मोजताना शिक्का अस्पष्ट असेल तर विमानाचे तिकीट कामी येते.

"टेरिटरीत बाळंतपण झाले की बाळ ब्रिटिश"

१९८३ पूर्वी बहुतेक वेळा होत असे. त्यानंतर आई किंवा वडील तिथले नागरिक अथवा तिथे स्थायिक असावे लागतात. केमन किंवा बर्म्युडात वर्क परमिटवर नोकरी करणाऱ्या भारतीय जोडप्याचे बाळ तिथल्या दाखल्यामुळे ब्रिटिश होत नाही.

"२०२२ च्या कायद्याने सगळ्यांना दार उघडले"

त्या कायद्याने जुने अन्याय दुरुस्त केले. १९८३ पूर्वी टेरिटरीतली आई आपला दर्जा परदेशात जन्मलेल्या मुलांना देऊ शकत नव्हती. १ जुलै २००६ पूर्वी अविवाहित वडीलही देऊ शकत नव्हते. २८ जून २०२२ पासून अशा मुलांना टेरिटरीचे नागरिक आणि सोबत ब्रिटिश नागरिक म्हणून नोंदणीचा हक्क आहे. एजंटांच्या मजकुरात २००२ आणि २०२२ चे नियम सर्रास मिसळलेले असतात, म्हणून साल नीट पाहा. कुठल्याही नातवाला मिळणारा नवा हक्क या कायद्यात नाही. कलम ४ल (4L) चा 'ऐतिहासिक अन्याया'चा मार्ग प्रौढांसाठी आहे आणि तो अधिकाऱ्यांच्या विवेकावर चालतो. अन्याय नेमका कुठल्या तरतुदीमुळे झाला आणि तो नसता तर दर्जा कसा मिळाला असता, हे दाखवावे लागते.

पिढ्यांची अट नसलेला अपवाद एकच आहे, आणि तो अत्यंत महत्त्वाचा आहे: छागोस बेटे, म्हणजेच वरच्या यादीतली ब्रिटिश इंडियन ओशन टेरिटरी. १९६८ ते १९७३ या काळात तिथल्या लोकांना घरादारासकट हलवले गेले. दिएगो गार्सिया, पेरोस बान्होस, सालोमोन या बेटांवर जन्मून युनायटेड किंगडम व वसाहतींचे नागरिक ठरलेल्या पूर्वजाचे थेट वंशज कलम १७ह (17H) खाली विनाशुल्क नोंदणी करू शकतात. २३ नोव्हेंबर २०२२ ला १८ पूर्ण असलेल्यांची मुदत पाच वर्षांची, म्हणजे २०२७ च्या नोव्हेंबरात संपणारी. त्या दिवशी १८ खालचे असलेले आणि त्या पाच वर्षांत जन्मलेले, यांना वयाच्या २३ व्या वर्षाआधी अर्ज करायचा आहे. मॉरिशसमध्ये मराठी समाज पिढ्यान्‌पिढ्या आहे, म्हणून स्पष्ट सांगायला हवे: मॉरिशसमधला जन्म किंवा छागोसी व्यक्तीशी लग्न पुरत नाही, रक्ताचे थेट नाते हवे. पूर्वज १ जानेवारी १९४९ पूर्वीच वारला असेल तर तो वसाहतींचा नागरिक झालाच नाही. अशा घरांनी पुढच्या पिढीतला, बेटावरच जन्मलेला पूर्वज शोधावा.

"निदान आजोबांवरून व्हिसा तरी मिळेल"

यूके अँसेस्ट्री व्हिसासाठी आजी किंवा आजोबा खुद्द ब्रिटन, चॅनल आयलंड्स किंवा आइल ऑफ मॅन इथे जन्मलेले लागतात. जिब्राल्टर चालत नाही, नैरोबीही नाही.

"जन्मदाखला पुरे"

प्रत्येक पिढीचा जन्मदाखला आई-वडिलांच्या नावांसह आणि प्रत्येक जोडीचा विवाहदाखला लागतो. आपल्याकडे गाडी इथेच अडते: दाखल्यावर बाळाचे नावच नाही, लग्नाआधीचे आणि नंतरचे नाव जुळत नाही, आडनावाचे इंग्रजी स्पेलिंग तीन ठिकाणी तीन तऱ्हेचे, किंवा जन्माची नोंद चाळीस वर्षांनी केलेली. उशिराच्या नोंदीवर अधिकारी शाळा सोडल्याचा दाखला, बाप्तिस्म्याची नोंद असे त्या काळातले कागद मागू शकतात, म्हणून ते आधीच जमवा. मराठी आणि पोर्तुगीज कागदांचे प्रमाणित इंग्रजी भाषांतर जोडा.

नागरिकत्व आपोआप मिळालेले असेल तर थेट पासपोर्टचा अर्ज करायचा असतो. नोंदणीचा अर्ज केला तर वेळ आणि शुल्क दोन्ही वाया. हक्क नोंदणीने मिळणार असेल तर आधी नोंदणी, मग पासपोर्ट. शुल्क वारंवार बदलते, ते ब्रिटिश सरकारच्या संकेतस्थळावर त्याच दिवशी पाहा.

"भारतीय पासपोर्टही ठेवा"

नागरिकत्व अधिनियम १९५५ च्या कलम ९ प्रमाणे स्वेच्छेने परदेशी नागरिकत्व घेतले की भारतीय नागरिकत्व संपते, आणि परदेशी पासपोर्ट काढणे हा स्वेच्छेचा पुरावा धरला जातो. त्यानंतर भारतीय पासपोर्ट वापरणे गुन्हा आहे. तो जमा करून सरेंडर सर्टिफिकेट घ्यायचे आणि मग ओसीआय (ओव्हरसीज सिटिझन ऑफ इंडिया) कार्डासाठी अर्ज करायचा. ओसीआयधारकाला मतदान करता येत नाही. सातबाऱ्यावर वारसाने नाव लागू शकते, पण शेतजमीन विकत घेता येत नाही. गावाकडे जमीन घ्यायचा विचार असलेल्यांनी तो व्यवहार नोंदणीचा अर्ज करण्याआधी उरकावा.