'चौपट मिळूनही रडता?' या कमेंटला उत्तर

नमस्कार, तुमची कमेंट तीनदा वाचली. थोडक्यात तुमचं म्हणणं असं की सरकार भूसंपादनात घेतलेल्या जमिनीला बाजारभावाच्या चौपट पैसे देतं, त्यावर इन्कम टॅक्सपण नाही, तरी लोक कोर्टात जातात, प्रोजेक्ट लटकतो आणि भुर्दंड टॅक्स भरणाऱ्याला. वर मी लेखात "फक्त रेडी रेकनरने (म्हणजे सरकारी दरपत्रकाने) भाव धरतात" असं लिहिलं ते चुकीचं आहे म्हणालात. ते माझं चुकलंच, आधी ते कबूल करतो. २०१३ च्या भूसंपादन कायद्याचं कलम २६ सांगतं की रेडी रेकनरचा दर आणि आजूबाजूच्या तशाच जमिनींच्या खरेदीखतांची सरासरी, यात जो जास्त असेल तो धरायचा. घाईत लिहिलं, दुरुस्त करतो. टॅक्सचंही बरोबर आहे तुमचं, कलम ९६ प्रमाणे माफ आहे.

पण चौपटचं काय ते बघू. चौपट म्हणजे कशाच्या चौपट, हा प्रश्न कुणी विचारतच नाही. मागच्या तीन वर्षांतली खरेदीखतं काढायची, त्यातली जास्त भावाची निम्मी घ्यायची आणि त्यांची सरासरी करायची. समजा आठ खतं आहेत, एकरी ६, ६, ७, ७, ९, ९, १०, १२ लाखांची. वरची चार घेतली की सरासरी आली १० लाख. ग्रामीण भागात गुणक १ ते २, शहरापासूनच्या अंतरावर राज्य सरकार ठरवतं, आपण पूर्ण २ धरू म्हणजे २० लाख, त्यावर १०० टक्के दिलासा रक्कम (जमीन सक्तीने घेतात म्हणून वर देतात ती), झाले ४० लाख. पेपरात बातमी येते 'एकरी ४० लाख', आणि वाचणाऱ्याला वाटतं लॉटरी लागली.

आता खरी गंमत. त्याच शिवारात बांधावर व्यवहार चालतो ३० लाखाने. खतावर लिहिले १०, बाकीचे पिशवीतून. का, तर स्टॅम्प ड्युटी वाचते. आमच्याच घरात चुलत्यांनी असं खत केलंय, मी स्वतः सोबत होतो, टेबलावर चेक सरकवला आणि उरलेली रक्कम बाहेर गाडीत मोजली. तेव्हा आम्हाला त्यात शहाणपणाच वाटला होता. म्हणजे तुमची चौपट ही प्रत्यक्षात सव्वा-दीडपटीच्या मधे कुठेतरी येते, आणि कागदावर आम्हीच लिहिलेला खोटा भाव आमच्याच अंगावर येतो. यात सरकारला एकट्याला शिव्या घालण्यात अर्थ नाही हे मला मान्य आहे. पण गंमत अशी की ज्याने गेल्या चाळीस वर्षांत काही विकलंच नाही त्या शेतकऱ्यालाही शेजाऱ्यांच्या खोट्या आकड्यांचाच भाव लागतो, त्याने कुठली स्टॅम्प ड्युटी बुडवली?

शिवाय भाव कुठल्या तारखेचा? कलम ११ ची प्राथमिक अधिसूचना निघाली त्या दिवशीचा. निवाडा (भरपाई ठरवणारा आदेश) होऊन पैसे हातात पडेपर्यंत दोन-तीन वर्षं सहज जातात. मधल्या काळासाठी बाजारमूल्यावर वर्षाला १२ टक्के मिळतात खरे, पण रस्ता येणार म्हटलं की आजूबाजूचे भाव १२ टक्क्यांनी वाढत नाहीत, उडी मारतात. ज्याची जमीन गेली तो तिथेच परत घ्यायला गेला की निम्मीसुद्धा येत नाही.

आणि जमिनीवरच्या वस्तूंचं तर विचारूच नका. संयुक्त मोजणीच्या (सरकारी खाती एकत्र येऊन जमीन मोजतात त्या) दिवशी जो शेतात हजर नसतो त्याचं काय काय कागदावर येत नाही ते बघण्यासारखं असतं. मी पाहिलेल्या एका मोजणीत विहीर धरली, आंबे मोजले, पण विहिरीपासून वरच्या तुकड्यापर्यंत जमिनीखालून गेलेली पाइपलाइन पंचनाम्यात नाही. विचारलं तर म्हणे दिसत नाही ना, उकरून दाखवा. त्या म्हाताऱ्याने उभ्या पिकात फावडं घातलं आणि दाखवली. दुसऱ्याची जमीन वर्षानुवर्षं बागायत, पण सातबाऱ्यावर कधी नोंदच केली नाही, मग जिरायतीचा दर. रस्ता तिरका गेला की कोपऱ्यात त्रिकोणी पट्टी उरते जिच्यात ट्रॅक्टर वळत नाही, त्या नुकसानीचा विचार करायला कलम २८ सांगतं, पण लेखी मागितल्याशिवाय कोण करतोय.

कोर्टबाजीचं म्हणाल तर काही लोक टक्केवारीवरच केसेस गोळा करतात, हे खरंय, मलाही त्यांचा राग येतो. पण नॅशनल हायवेचं उदाहरण घ्या. त्या कायद्यात पूर्वी दिलासा रक्कमच नव्हती, इतर संपादनांत मात्र मिळायची; २०१९ मध्ये सुप्रीम कोर्टाने तरसेम सिंग प्रकरणात तो भेदभाव घटनाबाह्य ठरवला. लोक भांडले नसते तर २०१५ च्या आधी हायवेत ज्यांच्या जमिनी गेल्या त्यांना ती मिळालीच नसती.

"मग तुमच्या मते किती द्यावेत?" असं विचारलंत. आकडा नाही माझ्याकडे. त्या पैशात त्याच भागात, पैसे हातात पडतील त्या दिवसाच्या भावाने, तेवढीच आणि तशीच जमीन घेता आली पाहिजे, आणि हललो म्हणून जो त्रास झाला त्याचे वर काहीतरी. याला तुम्ही हाव म्हणत असाल तर म्हणा.

बाकी ज्यांना सध्या नोटिसा आल्यात त्यांच्यासाठी: तीन वर्षांचे इंडेक्स टू (खरेदीखतांच्या नोंदणीचे उतारे) स्वतः काढा, कुठली खतं सरासरीत धरली आणि कुठली वगळली ते लेखी मागा. आणि रक्कम उचलताना 'हरकत राखून' हे लिहायला विसरू नका, नाहीतर कलम ६४ खाली वाढीव मागायची वाटच बंद होते.